घाटावर पहाटे कोण असतं

नर्मदाकाठच्या महेश्वरवर फिल्म करतेय म्हटलं की इंदूरमधला मराठी माणूस लगेच विचारतो, "अहिल्याबाईंवर ना?" मी नाही म्हटलं की चेहरा उतरतो. रामबागेतल्या आमच्या एका काकांनी तर मला बसवून घेतलं, चहा दिला आणि देवींचं चरित्र पहिल्यापासून सांगितलं. १७६७ मध्ये राजधानी महेश्वरला नेली, घाट बांधले, बाहेरून विणकर आणून वसवले, काशी-सोमनाथपर्यंत देवळं उभी केली, १७९५ च्या ऑगस्टमध्ये तिथंच देह ठेवला. काकांचं सगळं बरोबर होतं. देवींबद्दल मलाही तेवढाच आदर आहे, इंदूरच्या कुठल्या मराठी घरात तो नसेल? पण माझी फिल्म आज महेश्वरात राहणाऱ्या माणसांवर आहे. शनिवार-रविवारी स्वतःच्याच गल्लीत ज्यांना वाट काढत चालावं लागतं, त्यांच्यावर.

माझं घर चालतं लग्नाच्या कामावर. लग्नसराईत इंदूर, देवास, उज्जैनची लग्नं शूट करायची आणि बाकीचे महिने ती एडिट करत बसायचं. त्यातून जे उरतं त्यावर ही फिल्म चालली आहे. निर्माता नाही, अनुदान नाही. एक कॅमेरा, दोन माइक आणि आवाजाचं काम बघणारा माझा मावसभाऊ. मध्यंतरी याच धंद्यातल्या एका मित्रानं स्पष्टच विचारलं, "गर्दी सगळ्यांनी पाहिलीय. तू वेगळं काय दाखवणार?" प्रश्न रास्त होता. त्याचं उत्तर मला एडिट टेबलवर सापडत गेलं, आणि तेच इथं नीट लिहून काढायचंय.

गर्दीचा शॉट घेणं सगळ्यात सोपं असतं. किल्ल्याच्या पायऱ्यांवर उभं राहून लांब पल्ल्याची लेन्स लावली की ती माणसं एकमेकांना चिकटवते आणि पन्नास माणसं पाचशे वाटायला लागतात. बातम्यांत, सरकारी जाहिरातींत, पर्यावरणवाल्यांच्या व्हिडिओंत, सगळीकडे हाच शॉट असतो. तो पाहून गर्दी झाली एवढंच कळतं. गर्दीमुळे गावातल्या कोणाचं काय बदललं ते त्यात दिसत नाही. ते दिसायला गर्दीच्या आधी आणि नंतर तिथं थांबावं लागतं. तसं थांबत गेले तेव्हा लक्षात आलं की महेश्वरात सगळ्यात जास्त बदलली आहे ती वेळ. कोण किती वाजता उठतं, नदीवर कधी जातं, मागावर कधी बसतं, पलीकडच्या काठाला जाणारी नाव कधी सुटते. गावातल्या प्रत्येकानं आपला दिवस थोडा थोडा सरकवून घेतला आहे, आणि कोणासाठी सरकवला तर आपल्यासाठी. इंदूर, पुणे, नाशिक, नागपूरहून जाणाऱ्या आपल्यासाठी.

हे एका दिवसात झालं नाही. आमच्या लहानपणी महेश्वर म्हणजे आजीबरोबर नर्मदा जयंतीला जायची जागा. माघ शुद्ध सप्तमीला ओटी भरायची, दिवा सोडायचा, घाटावर बसून डबा खायचा आणि संध्याकाळच्या बसनं परत यायचं. नंतर हिंदी चित्रपटांची शूटिंगं व्हायला लागली. किल्ल्याच्या एका भागात होळकर घराण्याचं हेरिटेज हॉटेल आहे, त्यामुळे परदेशी पाहुणेही येत, पण ते मोजके आणि मुक्कामी. खरा लोंढा आला तो उज्जैनहून. ११ ऑक्टोबर २०२२ ला महाकाल लोकचं, म्हणजे महाकाल मंदिराच्या नव्या परिसराचं, उद्घाटन झालं. पुढच्या वर्षी, सप्टेंबर २०२३ मध्ये, ओंकारेश्वरला आदि शंकराचार्यांची १०८ फुटी मूर्ती उभी राहिली. दोन ज्योतिर्लिंगं आणि शिवाय महेश्वर, अशी तीन दिवसांची टूर महाराष्ट्रातल्या जवळजवळ प्रत्येक ट्रॅव्हलवाल्याच्या पाटीवर आली. त्यात २०२५ हे देवींच्या जन्माचं त्रिशताब्दी वर्ष. त्या जानेवारीत राज्य मंत्रिमंडळाची बैठकच महेश्वरात भरली, आणि १ एप्रिलपासून इथं आणि राज्यातल्या इतर तीर्थस्थानी दारूबंदी लागू झाली. गाव रोज बातम्यांत होतं.

आता घाटाबद्दल.

किल्ल्यामागच्या वस्तीत एक काकी राहतात. साठीच्या पुढच्या. रोज नर्मदेत स्नान केल्याशिवाय चहा घ्यायचा नाही, हा त्यांचा लग्न होऊन आल्यापासूनचा नेम. पूर्वी त्या उजाडताना यायच्या. आता पूर्ण अंधारात येतात, हातात मोबाईलची बॅटरी लावून. मी कारण विचारलं तेव्हा त्यांनी घाटाच्या वरच्या टप्प्याकडे हनुवटीनं खूण केली. तिथं एक प्री-वेडिंगची टीम लाइट लावत होती. मुलीच्या अंगावर लांबलचक तांबडा गाऊन, दोन पोरं त्याचा घोळ धरून पायऱ्या उतरवत होती, तिसऱ्याच्या हातात रंगीत धुराच्या नळकांड्या. हे काम मी स्वतः केलेलं आहे, त्यामुळे त्यांची घाई मला कळत होती. सूर्य वर आला की अर्ध्या तासात तो मऊ उजेड संपतो, आणि ग्राहकानं पैसे त्या उजेडाचे दिलेले असतात. फ्रेममध्ये मागे बादली नको, वाळत घातलेलं लुगडं नको, ओल्या केसांची बाई नको.

काकी एकदा उशिरा आल्या, नातवाला ताप होता म्हणून. तो सकाळचा तुकडा माझ्याकडे आहे. स्नानाचं चित्रण मी केलेलं नाही, कोणाचंच करत नाही. स्नान उरकून, कोरडं नेसून त्या पायरीवर बसल्या होत्या तिथून शॉट सुरू होतो. पितळी लोटीत पाणी भरून शेजारी ठेवलंय. ओलं लुगडं त्या पिळताहेत, एक टोक पायाच्या अंगठ्याखाली दाबून दुसरं हातानं पीळ देत देत. टीममधला एक पोरगा येतो आणि अगदी अदबीनं म्हणतो, "आंटी, दो मिनट साइड में." त्या काही न बोलता लोटी उचलतात आणि चार पायऱ्या बाजूला जातात. पुन्हा लुगडं अंगठ्याखाली धरतात. तेवढ्यात मुलगी गाऊन सावरत त्याच बाजूला येते, कारण ऊन तिकडे सरकलंय. पोरगा पुन्हा येतो. तिसऱ्यांदा मात्र काकी उठत नाहीत. लुगड्याचा पीळ सुटतो, पाणी दगडावरून ओघळतं. त्या पोराकडे पाहत त्या निमाडीत, इथल्या बोलीत, काहीतरी म्हणतात आणि तो हसून निघून जातो. त्याला निमाडी येत नसावी. मला शब्द न् शब्द कळला नाही, म्हणून नंतर विचारलं. त्या म्हणाल्या होत्या, "बाळा, मी इथून उठले तर आता घरीच जाईन, आणि माझं नाव घ्यायचं राहिलंय अजून." स्नानानंतर त्या पायरीवर बसून जप करतात. तो राहिला होता.

दुसऱ्या दिवसापासून त्या पुन्हा अंधारात.

कोणी त्यांना घाटावर यायला बंदी केलेली नाही, कोणी उद्धटपणे बोललं नाही, कुठे पाटी लागलेली नाही. उद्या एखाद्या अधिकाऱ्याला विचारलं तर तो म्हणेल, घाट सगळ्यांचा आहे, आणि ते खरंच आहे. तरीही एका बाईचं उजाडतानाचं स्नान गेलं. थंडीत, शेवाळलेल्या पायऱ्यांवर, अंधारात साठीच्या बाईनं उतरणं काय असतं ते तिथं उभं राहिल्यावर कळतं. आकडेवारीत हे कुठे बसणार? पर्यटकांची संख्या मोजली जाते, हॉटेलच्या खोल्या मोजल्या जातात. काकींचा जो तास सरकला त्याची नोंद ठेवणारं कोणी नाही, आणि डॉक्युमेंटरीनं निदान तेवढं करावं असं मला मनापासून वाटतं.

मागांचीही तीच तऱ्हा, पण तिथं पैशाचाही हिशोब आहे, त्यामुळे गोष्ट जास्त गुंत्याची आहे.

महेश्वरी साडीत ताणा, म्हणजे उभा धागा, रेशमाचा आणि बाणा, म्हणजे आडवा धागा, सुती असतो. रेशीम बंगळुरूकडून येतं, सूत कोइम्बतूरकडून, जरीचा धागा सुरतेचा. काठावर ईंट, चटई, लहर अशी नक्षी, किल्ल्याच्या आणि घाटाच्या दगडातून उचललेली. गेल्या शतकात ही कला जवळजवळ बुडाली होती. १९७९ मध्ये होळकर कुटुंबातल्या रिचर्ड आणि सॅली होळकर यांनी रेहवा सोसायटी सुरू केली, बायकांना मागावर बसवलं, आणि तिथून गाडं पुन्हा चालू झालं. आज गावात घराघरांतून माग आहेत. मालक सूत देतो, विणकर साडी करून देतो आणि मजुरी नगावर मिळते. साध्या साडीला तीन-चार दिवस, काठ-पदर भरलेले असले की त्याहून जास्त. नगावर मजुरी हे लक्षात ठेवा, कारण पुढचं सगळं त्यावर आहे.

मी जिच्याकडे जाते ती ताई पस्तिशीची असेल. तिचा माग पूर्वी घराच्या आतल्या खोलीत होता. स्वयंपाक, मुलांची शाळा आटोपून ती दहा-साडेदहाला बसायची आणि चारपर्यंत उठायची नाही. आता माग रस्त्याकडच्या खोलीत आलाय, कारण ज्या दुकानदारासाठी ती विणते त्याचं म्हणणं की गिऱ्हाइकाला माग चालताना दिसला की साडी विकली जाते. तेही खरं आहे. गिऱ्हाईक मागापाशी उभं राहतं, व्हिडिओ घेतं, आणि खूप वेळा शेजारच्या दुकानातून काहीतरी घेऊनच जातं. साडी कमी, दुपट्टे आणि स्टोल जास्त, कारण ते हजाराच्या आसपास बसतात आणि सासू-नणंदेला द्यायला बरे पडतात.

तिच्या खोलीत मी कॅमेरा तिवईवर लावला आणि न थांबवता चालू ठेवला. चित्रात फारसं काही होत नाही. उजव्या हातानं ती दोरी ओढते, आडवा धागा नेणारा धोटा डावीकडून उजवीकडे जातो, पायाखालची पावडी दबते, फणी पुढे येते, ठक. पुन्हा धोटा, पुन्हा ठक. मध्येच एक ताणा तुटतो. ती वाकते, तुटलेलं टोक शोधते, दोन बोटांत धरून ओलं करते, पिळून जोडते आणि पुन्हा सरळ बसते. हे सगळं इतकं चटकन होतं की पहिल्यांदा मला तुटलेलं कळलंच नव्हतं. घरी येऊन मी हे फुटेज लावलं तेव्हा मावसभाऊ हेडफोन घालून नुसता आवाज ऐकत होता. तो म्हणाला, "ताई, चित्र बंद कर आणि ऐक." मी ऐकलं. ठक ठक ठक, मग शांतता, मग माणसांचे आवाज. "ये हाथ से बनती है?" "एक साडी को कितने दिन लगते हैं?" "जरा इधर देखिए ना, दीदी." मग पुन्हा ठक ठक. रविवारच्या दुपारी तो आवाज सलग म्हणून राहतच नाही. आणि मजुरी नगावर, त्यामुळे प्रत्येक शांतता तिच्या खिशातून जाते.

पुण्याचं एक कुटुंब येतं तेव्हा ती मराठीत उत्तर देते. "चार दिवस लागतात, ताई. आत या ना." स्वच्छ मराठी. पाहुणे खूश होतात, अगं बघ किती छान बोलते म्हणतात, सगळे मिळून फोटो काढतात. ती हसून उभी राहते. ते गेल्यावर ती माग चालू करण्याआधी विणलेल्या पट्टीवरून तळवा फिरवते, किती झालं ते बघायला. कॅमेरा तिथंच होता म्हणून हे मिळालं. शनिवार-रविवारचं राहिलेलं काम ती रात्री करते, मुलं झोपल्यावर, ट्यूबलाइटखाली. तिचाही दिवस सरकला, काकींचा पहाटेकडे आणि हिचा रात्रीकडे.

मी तिला विचारलं, माग परत आतल्या खोलीत न्यायला आवडेल का? ती बराच वेळ गप्प राहिली आणि मग म्हणाली, "काम बंद पडेल त्याचं काय?" तिच्या सासूच्या तरुणपणी विकत घेणारंच कोणी नव्हतं, ते दिवस तिनं ऐकलेले आहेत. पर्यटक नकोत असं महेश्वरात मला कोणीही म्हटलेलं नाही. एक विधवा बाई घराच्या दोन खोल्या होमस्टेला देतात, त्यावर त्यांची मुलगी इंदूरला बी.एस्सी. करते आहे. पोह्याची गाडी लावणारा, ई-रिक्षावाला, "मराठी जेवण मिळेल" अशी पाटी लावून पिठलं-भाकरी शिकलेला भोजनालयवाला, सगळ्यांची घरं यावर उभी राहिलीत. त्यांना सोडून नुसतं दुःख दाखवणारी फिल्म मला खोटी वाटते, आणि त्यांना दाखवून सगळं छान चाललंय म्हणणारी त्याहून खोटी.

नदीवरही असंच. घाटासमोर, पलीकडच्या काठाला नावडातोडी आहे. मराठी वाचकांना हे नाव कळायला हवं, कारण १९५० च्या दशकात पुण्याच्या डेक्कन कॉलेजच्या ह. धी. सांकलियांनी तिथं उत्खनन करून तीन हजार वर्षांहून जुन्या वस्तीचे अवशेष काढले होते. ते बघायला आता कोणी जात नाही. नावा फिरतात त्या नदीच्या मधोमध असलेल्या बाणेश्वराच्या देवळाभोवती. नावाड्यांना ठाऊक आहे कुठे नाव थांबवली की किल्ला पूर्ण फ्रेममध्ये बसतो, तिथं वल्हं आपोआप थांबतं. पूर्वी याच नावा पलीकडून दूध, भाजी, शाळेची पोरं घेऊन यायच्या. आता सुट्टीच्या दिवशी पलीकडच्यांना वाट बघावी लागते, कारण त्यांच्या दहा-वीस रुपयांपेक्षा फेरी मारणाऱ्या कुटुंबाचे पैसे कितीतरी जास्त. एका नावाडी दादांनी यावर आपला नियम केलाय. सकाळची पहिली आणि सूर्यास्तानंतरची शेवटची खेप गावच्या लोकांची, कोणी कितीही पैसे दिले तरी. मधला दिवस पाहुण्यांचा. त्या शेवटच्या खेपेत मी बसले आहे. रिकामे दुधाचे डबे, एक सायकल, दोन म्हाताऱ्या, आणि कोणाच्याही हातात मोबाईल नव्हता. फिल्ममध्ये हा प्रसंग मी मोठा ठेवणार आहे.

आणि परिक्रमा. नर्मदेकाठी बाहेरून येणारा माणूस नवा नाही. परिक्रमावासी शेकडो वर्षं येताहेत. परंपरेनं तीन वर्षं, तीन महिने, तेरा दिवसांची परिक्रमा, चातुर्मास संपल्यावर उचलायची, नदी ओलांडायची नाही, आणि गावागावानं त्याला सदावर्त द्यायचं. पीठ, डाळ, मीठ, झोपायला ओसरी. देणारा गरीब असला तरी देतोच, कारण परिक्रमावासी त्याच्या दारी नर्मदामाईकडून आलेला असतो. आता बसनंही परिक्रमा होते, तिच्यात आपली मराठी मंडळी खूप असतात, मनोभावे येतात. पण पन्नास माणसांची बस दारात थांबली तर कुठलं घर सदावर्त देणार? एका आजींनी मला सांगितलं, की चालत येणाऱ्याला त्या अजूनही पीठ देतात, बसवाल्यांना धर्मशाळेची वाट दाखवतात, आणि तसं करताना त्यांना बरं वाटत नाही. काठावरच्या लोकांना पाहुणा नवीन नाही, ही गोष्ट फिल्ममध्ये आली नाही तर बघणाऱ्याला वाटेल की इथल्या लोकांनी पर्यटक कधी पाहिलेच नव्हते. त्यांना नवीन आहे ती संख्या आणि घाई.

घाईचं कारण आम्ही इंदूरवाले. इंदूरपासून महेश्वर नव्वद किलोमीटर. सकाळी पोहे-जिलेबी खाऊन निघायचं, धामनोदवरून किंवा पावसाळा असेल तर जाम गेटवर थांबून भजी खाऊन मंडलेश्वरमार्गे पोहोचायचं, आणि अंधार पडायच्या आत परत निघायचं. मुक्काम नाही. त्यामुळे सगळं गाव अकरा ते सहा या वेळात कोंबलं जातं. पैसा त्यातला थोडाच तिथं राहतो, कचरा सगळा राहतो. २०१७ पासून देशात पहिल्या नंबरचं स्वच्छ शहर म्हणवणारे आम्ही, घरी ओला-सुका वेगळा करणारे, घाटाच्या पायरीवर कुरकुऱ्यांची पाकिटं सोडून येतो. हे मी डोळ्यांनी बघते तेव्हा फार लागतं मनाला.

व्हेनिसमध्ये नेमक्या या दिवसाच्या दिवसात जाणाऱ्या पाहुण्यांवर २५ एप्रिल २०२४ पासून ठरावीक दिवशी पाच युरोंचं शुल्क लावलं. रात्री मुक्काम करणाऱ्याला ते द्यावं लागत नाही. तिथल्या जुन्या शहरात राहणाऱ्यांची संख्या २०२२ मध्ये पन्नास हजारांच्या खाली गेली, आणि एका औषधाच्या दुकानाच्या काचेत तो आकडा कितीतरी वर्षं लावलेला आहे, येणाऱ्या-जाणाऱ्यानं बघावा म्हणून. महेश्वर व्हेनिस नाही, गाव ओस पडलेलं नाही आणि पडूही नये. पण मुक्कामी पाहुणा आणि दिवसाचा पाहुणा यांच्यात फरक करायचा असतो, ही गोष्ट आपल्याकडे नियोजनात कोणी बोलताना मी ऐकलेली नाही. मुक्कामी माणूस सकाळी उठतो तेव्हा राजवाड्यात लिंगार्चन चालू असतं. ब्राह्मण मंडळी काळ्या मातीची इवलीशी शिवलिंगं हजारोंनी वळतात, पूजा करतात आणि नर्मदेत सोडतात. देवींच्या काळापासूनचा हा नेम अजून चालू आहे. ते अकराला पोहोचणाऱ्याला दिसतच नाही.

कॅमेऱ्याबद्दल मला जे शिकायचं होतं ते बरंचसं एका फिल्मनं शिकवलं. डेनिस ओ'रूर्क या ऑस्ट्रेलियन दिग्दर्शकाची 'कॅनिबल टूर्स', १९८८ ची. पापुआ न्यू गिनीमधल्या सेपिक नदीवर बोटीनं येणारे युरोपी-अमेरिकी प्रवासी, आणि त्यांना लाकडी मुखवटे विकणारे गावकरी. गावकरी थेट कॅमेऱ्याकडे बघून बोलतात. आम्ही एक भाव सांगतो, हे दुसरा मागतात, यांच्याकडे एवढा पैसा आहे तर घासाघीस का करतात? इतका साधा प्रश्न. ती पाहिल्यापासून मी एक पाळते. महेश्वरात ज्याच्याशी बोलेन त्याला पाहुण्यांबद्दल विचारायचं, स्वतःबद्दल नाही. "तुमच्या अडचणी काय" विचारलं की माणूस अर्ज वाचल्यासारखं बोलतो. "हे लोक कसे वाटतात तुम्हाला" विचारलं की खुलतो. नावाडी दादा तर नुसत्या चालण्यावरून कोण मुंबईचं आणि कोण इंदूरचं ते सांगतात.

ड्रोन मी वापरणार नाही. नियमांची अडचण नाही, २०२१ च्या नियमांनंतर छोटा ड्रोन उडवणं सोपं झालंय, आणि लग्नांत मी तो रोज उडवते. पण घाटावर बायका अंघोळ करत असतात आणि डोक्यावर ते घोंगावत असतं, तेव्हा त्या पदर ओढून घेतात. हे एकदा दिसल्यावर तो शॉट माझ्या फिल्ममध्ये येणं शक्य नाही. वरून किल्ला कसा दिसतो ते यूट्यूबवर हजार ठिकाणी आहे.

कच्चं एडिट मी विणकर ताईला लॅपटॉपवर दाखवलं. आपल्या मागाचा आवाज थांबतो तिथं ती पहिल्यांदा हसली, दुसऱ्यांदा गप्प झाली. मग म्हणाली, रात्रीचं काम दाखवलंस ते राहू दे, पण घरात मुलं झोपलेली दिसतात तेवढं काढ. ते काढलं. काकींनी त्या सकाळचा तुकडा ठेवायला परवानगी दिली, त्या प्री-वेडिंगवाल्या पोराचा चेहरा मात्र दाखवू नको म्हणाल्या, "कोणाचं तरी पोरगं आहे, कामाला आलं होतं." त्याचा चेहरा आता दिसत नाही, फक्त पाय आणि आवाज आहे.

पहिला खेळ महेश्वरातच करायचा, महोत्सवांचे फॉर्म नंतर भरायचे, हे सुरुवातीपासून ठरलेलं आहे. एका धर्मशाळेचं अंगण मिळतंय, पडदा आणि प्रोजेक्टर मी इंदूरहून नेणार. शनिवार-रविवार कोणालाच जमणार नाही, सोमवारी शंकराच्या दर्शनाची गर्दी, म्हणून मंगळवार पक्का केलाय. वेळ नावाडी दादांनी सांगितली. शेवटची खेप पलीकडे सोडून ते परत आले की सुरू करायचं, आणि संपल्यावर नावडातोडीच्या लोकांना घरी पोहोचवायला ते एक जास्तीची खेप करणार आहेत.